भुताचं मूळ गाव

शनिवार, चौदा ऑक्टोबर. स्थळ हायडेलबर्गचा जुना बाजार. रक्कम पस्तीस युरो, रोख. हजर चौघं: मी, बायको, सतरा वर्षांची मुलगी आणि तीन महिन्यांसाठी पुण्याहून आलेल्या सासूबाई.

विकणाऱ्याने त्या जुन्या पुस्तकाचे साठ सांगितले होते. सासूबाईंना जर्मनचा एक शब्द येत नाही. त्यांनी पुस्तक उचललं, उसवलेल्या पाठीवरून बोट फिरवलं, त्याच्याकडे बघून "च्" केलं आणि परत ठेवलं. पंचवीस युरो त्या एका आवाजाने उतरले.

ती सव्वादोनशेहून जास्त वर्षांपूर्वीची भयकादंबरी होती. किल्ला, कैदेतली मुलगी, दुष्ट कारभारी, भूत. नाव एकोणीस शब्दांचं, आणि त्याखाली लहान अक्षरांत छापलेलं: 'इंग्रजीवरून'. त्या एका शब्दासाठीच मुलीला पुस्तक हवं होतं. इथे बारावीच्या एका तोंडी परीक्षेऐवजी प्रबंध देता येतो. तोंडी परीक्षेत चार माणसांसमोर तिच्या तोंडून शब्द फुटत नाही, म्हणून तिने प्रबंध घेतला होता. विषय: इंग्रजी भयकादंबरी जर्मनमध्ये येताना काय बदललं. आता इंग्रजी मूळ शोधायचं, दोन्ही शेजारी ठेवायची आणि लिहायचं.

"पण मूळ खरंच इंग्रजी असेल ना, बाबा?" तिने विचारलं होतं.

"छापलंय ना तसं? मग आहे," मी म्हणालो.

ही चूक माझी, ती इथेच नोंदवतो. एकोणीस वर्षं मी कार्ल्सरूहेत आहे. घरात कागदांचे अकरा जाडजूड ओर्डनर, म्हणजे फायली, आहेत, पाठीवर वर्ष घातलेले. छापील जर्मन कागद खरा असतो, यावर माझा संसार उभा आहे. शिक्षिकेकडे विषय नोंदवायचा होता, मी मुलीला बिनधास्त नोंदव म्हटलं.

तीन आठवडे ती मूळ शोधत होती. शेवटी विद्यापीठाच्या ग्रंथालयातून आली आणि बूटही न काढता दारात उभी राहिली. "बाबा, एस गिब्ट काइन ओरिगिनाल." मूळच नाही.

"नीट बघितलंस?"

"तिथल्या बाईंनीही बघितलं. त्या म्हणाल्या, त्या काळात हे सर्रास चालायचं. इंग्रज प्रकाशक आपल्याच गोष्टीवर 'जर्मनवरून' छापायचे आणि जर्मन 'इंग्रजीवरून'. शेजारच्या देशाचं भूत जास्त खपायचं." मग तिने खांद्यावरची पिशवी खाली टाकली. "पण मूळ सापडलं नाही म्हणजे नव्हतंच असं नाही, असंही म्हणाल्या. किती पुस्तकं भाड्याच्या वाचनालयांत वाचून वाचूनच फाटली. आता मी काय लिहू? तोंडी परीक्षाच द्यावी लागणार."

विषय बदलायची शेवटची तारीख पंधरा नोव्हेंबर. त्या दिवशी सात होती.

सासूबाई मटार सोलत होत्या. "गंमतच आहे," त्या म्हणाल्या. "माझ्या वाचनालयातले रहस्यकथावाले इंग्रजीतून उचलायचे आणि स्वतःची म्हणून छापायचे. लंडनचा खून सदाशिव पेठेत आणायचे. आणि हे स्वतः लिहून दुसऱ्याची म्हणायचे! एवढे सज्जन चोर मी नाही बघितले."

"आजी, हे जर्मन माणसानेच लिहिलं याला पुरावा पाहिजे."

"मग वाचून दाखव. आम्ही कशाला आहोत? लंडनचा खून पेठेत आणला की कुठेतरी बर्फ राहायचाच. ह्यांचंही काहीतरी राहिलं असेल."

तेव्हापासून रोज संध्याकाळी पाच ते सात वाचन. मुलगी ती जुनी काटेरी अक्षरं लावत वाचायची, बायको मराठीत सांगायची, सासूबाई हुंकार द्यायच्या आणि मी वहीत आकडे टिपायचो. नायिका पहिल्या शंभर पानांत नऊ वेळा बेशुद्ध पडली. "हिला लोहाच्या गोळ्या द्या कुणीतरी," बायको म्हणाली.

तिसऱ्या दिवशी मला सापडलं. चार घोड्यांची गाडी, पहाटेपासून अंधार पडेपर्यंत, आणि अंतर किती? सहा मैल. इंग्लंडचे सहा मैल म्हणजे दहा किलोमीटरही नाहीत. सासूबाई चालत पोचतील. पण जुना जर्मन मैल साडेसात किलोमीटरांचा. सहा गुणिले साडेसात, पंचेचाळीस. जमलं! लेखक जर्मन मैलात विचार करत होता. मी वही टेबलावर आपटली.

"आल्झो, म्हणजे बघ बाबा," मुलगी शांतपणे म्हणाली, "भाषांतर करणाऱ्याने मैल बदलले असतील. तू आजीला युरो सांगताना रुपये करतोस ना? तसे."

मी वही मिटली. मुद्दा बरोबर होता.

पाचव्या दिवशी भूत बोललं. किल्ला इंग्लंडच्या उत्तरेला. मुलीला एका खोलीत कोंडलेलं. रोज संध्याकाळी मेलेल्या काकाचा आवाज येतो, सगळी इस्टेट कारभाऱ्याच्या नावावर कर म्हणून. आवाज येतो तो खोली गरम ठेवणाऱ्या, फरश्यांनी मढवलेल्या मोठ्या शेगडीतून. शेवटी कळतं की कारभारीच भिंतीमागच्या बोळात गुडघ्यांवर बसून शेगडीच्या तोंडात बोलत होता.

"थांब," सासूबाई म्हणाल्या. "शेगडीचं तोंड बोळात?"

"हो. तसं लिहिलंय."

"अहो जावईबापू, आपण सप्टेंबरात तो राजवाडा बघितला ना? हिरव्या फरश्यांची ती शेगडी, छतापर्यंत? मी तुम्हाला विचारलं होतं, हिला दार कसं नाही, लाकडं घालतात कुठून?"

विचारलं होतं. वाटाड्याने आम्हाला भिंतीमागे नेऊन दाखवलं होतं. नोकर बोळातून लाकडं घालायचे, म्हणजे धूर नाही, राख नाही आणि नोकर मालकांच्या नजरेस पडत नाहीत.

"मग इंग्लंडात अशी शेगडी असते का?" त्यांनी विचारलं.

इंग्लंडात भिंतीतली उघडी चूल असते, समोर बसून शेकायची. तिच्यात मागच्या बोळातून कोण बोलणार?

मुलगी पुस्तक धरून उभीच राहिली. "मैल बदलता येतात," ती म्हणाली. "शेगडी नाही बदलता येत! शेगडी काढली तर भूतच उरत नाही. गेनाऊ, अगदी तेच! आजी, भूत जर्मन आहे!"

"शेगडी पेटलेली असती तर कारभाऱ्याची मिशी जळली असती," सासूबाई म्हणाल्या आणि मटाराची परात पुढे ओढली. मुलीने चार पानं मागे जाऊन बघितलं. कैद्याला उबेला लाकडं द्यायची नाहीत असा कारभाऱ्याचा हुकूम होता. लेखकाने तेही सांभाळलं होतं. मला त्या माणसाबद्दल आदर वाटला.

चौदा नोव्हेंबरला अर्ज गेला, एक दिवस आधी. नवा विषय: जर्मन लेखकाने इंग्लंड कसं उभं केलं आणि कुठे विसरला. शिक्षिकेने सही केली. शेगडीवर मुलीने अकरा पानं लिहिली. प्रबंधात शेगडीची आकृती हवी होती, ती मी काढली, मापांसह. मदत घेतल्याची नोंद तिने शेवटच्या पानावर केली: आकृती वडिलांची, शेगडी आजीची.

मार्चमध्ये निकाल लागला. पंधरापैकी तेरा. तोंडी परीक्षा टळली. मुलगी स्वयंपाकघरात नाचली, मी मात्र दोन गुण कुठे गेले ते विचारायला लावलं. शिक्षिकेने कळवलं: 'सिद्ध झालं' असं लिहिलंय, 'फार संभवतं' इतकंच म्हणता येईल. विचार केला, त्यांचंही बरोबर होतं. त्या छापील कागदावर मीही जरा कमी विश्वास ठेवायला हवा होता.

सासूबाई तोवर पुण्याला पोचल्या होत्या. फोनवर निकाल सांगितला. "अगं बाई! तेरा!" त्या म्हणाल्या. मग, "आणि माझी फी?"

"सांगा, आई."

"माझ्या वाचनालयाची वर्षाची वर्गणी भरा. भुतांची पुस्तकं तिथूनच तर आणते."

मुलीने निम्मे पैसे स्वतःच्या खाऊच्या पैशांतून द्यायचा हट्ट धरला आणि दिले. एकूण बाराशे रुपये, पुण्यातल्या वाचनालयाच्या बाईंना, त्याच दिवशी दुपारी. पावती आली. छापील आहे, तरी मी रक्कम एकदा ताडून बघितली.