गुळगुळीत चकती

मिस्त्रीला सगळे मिस्त्रीच म्हणायचे, बायकोसुद्धा चारचौघांत तसंच म्हणायची. बुटका, खांद्याने रुंद, कानामागे पेन्सिल. उपासनेलाही ती पेन्सिल कानामागेच असायची, आणि प्रार्थनेत मान खाली घातली की हमखास खाली पडायची.

त्यांची ख्रिस्ती मंडळी भरायची पंक्चरच्या दुकानावरच्या खोलीत. जिना अरुंद, वर रबराचा वास, खिडकीखाली कुणीतरी सतत चाक ठोकतंय. खोलीतली बाकं मिस्त्रीने केलेली. आणि शास्त्र, म्हणजे बायबल, समजावून सांगायचं कामही, मंडळीचे पुढारी असलेले म्हातारे वडील अंथरुणाला खिळल्यापासून, बहुतेक वेळा तोच करायचा. येशूमागे जमलेल्या पहिल्या मंडळीची गोष्ट तर त्याचा जीव की प्राण. ते लोक कसे एकत्र जेवायचे, कुणाला काही कमी पडू द्यायचे नाहीत, हे सांगताना तो असा रंगायचा की जणू काल संध्याकाळी त्यांच्याकडेच जेवून आलाय. "जसं तेव्हा, तसं आता," हे त्याचं ठरलेलं वाक्य.

म्हातारे वडील वारले आणि त्यांच्या जागी कोण, हा प्रश्न आला. दोघंच होते. एक मिस्त्री. दुसरा बसवरचा ड्रायव्हर, दोन-तीन वर्षांपूर्वी आलेला, हसरा, कुणाचं दुखलंखुपलं की आधी पोचणारा. मिस्त्रीला ज्ञान होतं, ड्रायव्हरला माणसं होती. हात वर करायला सांगितले तर काय होईल, हे मिस्त्रीला न मोजताही ठाऊक होतं.

म्हणून त्याने शास्त्र काढलं. येशूच्या बारा शिष्यांतला एक फितूर होऊन मेला तेव्हा त्याच्या जागी दुसरा कसा नेमला? दोघांना उभं केलं, प्रार्थना केली आणि चिठ्ठ्या टाकल्या. माणसं मत द्यायला लागली की तट पडतात, चिठ्ठी टाकली की देव बोलतो, असं मिस्त्रीने समजावलं.

ड्रायव्हरने शंका काढली, तीही अगदी नरमाईने. तो म्हणाला की हे सगळं पवित्र आत्मा उतरायच्या आधीचं आहे. त्यानंतर त्या लोकांनी पुन्हा कधी चिठ्ठ्या टाकल्याचं लिहिलेलं नाही. मग ती रीत आपल्यासाठी आहे, की त्यांच्या त्या दिवसापुरती होती? प्रश्न चांगला होता. मिस्त्रीने तो उडवून लावला, आणि एवढ्या वर्षांचा शिकवणारा म्हणून लोकांनी त्याचंच ऐकलं.

वर त्याचा हट्ट असा, की कागदाच्या चिठ्ठ्या नकोत. तेव्हा कुठला आलाय कागद? खडे असतील नाहीतर लाकडाचे तुकडे. तेव्हा दोन लाकडी चकत्या करायच्या, एकीवर चौकोन काढायचा, तो मिस्त्री; दुसरीवर गोल, तो ड्रायव्हर. पिशवीत हात घालायचा मावशीने. मावशी म्हणजे जुनी सुईण. डोळे गेलेले, त्यामुळे ती कुणाची बाजू घेणार नाही, असं सगळ्यांचं म्हणणं पडलं.

तिचे डोळे गेले होते, बोटं नव्हती गेली. आयुष्यभर पोटावर हात ठेवून बाळाचं डोकं कुठे आहे हे सांगणारी ती बोटं. मिस्त्रीच्या बाकावर बसण्याआधी ती फळीवरून हात फिरवायची आणि कुठे खरखर लागली की तिथून उठून दुसरीकडे बसायची. हे मिस्त्रीइतकं कुणालाच माहीत नव्हतं, कारण दर वेळी काचपेपर घेऊन ती जागा घासून द्यायचा तोच.

शनिवारी तो चकत्या करायला बसला. दोन्ही एकाच फळीच्या, एकाच मापाच्या. चौकोनाची चकती त्याने जाड काचपेपरने घासली, मग बारीक, मग मेण लावून फडक्याने चोळली. गोलाची चकती करवतीखालून निघाली तशीच ठेवली. बायको भुसा झाडत होती. दुसरी घासायची नाही का, असं तिने विचारलं. त्यावर त्याने जेवायला वाढ म्हणून सांगितलं. ती एक क्षण केरसुणी धरून उभी राहिली, आणि मग वाढायला गेली.

मावशीने पिशवीत हात घातला, जरा चाचपलं, आणि चौकोन वर आला. मिस्त्रीचा हात पहिल्यांदा हातात घेतला तो ड्रायव्हरने. दोन्ही हातांनी, मनापासून. तो हात मिस्त्रीला नंतर कित्येक दिवस जाणवत राहिला. कामात लक्ष लागेना. काचपेपर हातात घेतला की तो परत ठेवून द्यायचा. एका गिऱ्हाइकाचं कपाट त्याने तसंच खरबरीत दिलं आणि बोलणी खाल्ली.

वाचन मात्र ओळीने चाललं होतं, एका रविवारनंतर दुसऱ्या रविवारी पुढचं. आणि एक दिवस वाचनात पहिल्या मंडळीतले ते नवरा-बायको आलेच. जमीन विकून पैसे मंडळीला देतो म्हणाले, थोडे मागे ठेवले, आणि सगळे दिलेत असं सांगितलं. आधी नवरा जागीच कोसळून मेला. नंतर बायको आली, तिलाही विचारलं, तीही तेच खोटं बोलली, आणि तीही गेली.

मिस्त्रीने तयारी करून ठेवली होती. तो म्हणाला की असे प्रसंग त्या काळापुरते असतात, मंडळी नवी होती, जरब बसायला हवी होती. आपण ते आजच्या आयुष्याला जसंच्या तसं लावायचं नाही.

"अरे वा," ड्रायव्हर हसत म्हणाला. "चिठ्ठ्या आजच्यासाठी, आणि हे तेवढं त्या काळापुरतं? कसं ठरवायचं, मिस्त्री?"

लोक हसले. त्यात खोच नव्हती, शिकणाऱ्याची गंमत होती. पण मिस्त्रीची कानशिलं तापली.

"म्हणजे चकत्यांत मी काही केलं, असं म्हणायचंय तुम्हाला?"

असं कुणीच म्हटलं नव्हतं. हसू जिथल्या तिथे थांबलं. खाली चाक ठोकणाराही नेमका तेव्हाच थांबला. सगळे मिस्त्रीकडे बघायला लागले.

तेवढ्यात मागून बायको उठली. "दोन्ही सारख्याच होत्या," ती म्हणाली. "माझ्यासमोर घासल्यात त्यांनी."

प्रत्येकाच्या मांडीवर तेच पान उघडं होतं. नवऱ्यामागून आलेली बायको, तिला विचारलेला प्रश्न, तिचं उत्तर. मिस्त्रीने पानाकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं, आणि त्याच्या तोंडून निघून गेलं, "ती खोटं बोलतेय."

मग उरलेलं सांगितलं. एकच घासली. माझीच. मावशींच्या बोटांना काय आवडतं ते मला माहीत होतं.

मावशीने बोटं एकमेकांवर चोळली. मग म्हणाली, "गुळगुळीत हाताला लागलं होतं रे मला. मला वाटलं, देवाचं बोट असंच लागत असेल."

शिव्या दिल्या असत्या तर परवडलं असतं. मिस्त्री खाली बसला आणि पेन्सिल पडली ती त्याने उचललीही नाही. बायको केव्हाच जिना उतरून गेली होती.

घरी तिने ताट वाढलं, पाणी ठेवलं आणि भिंतीकडे तोंड करून बसली. तो म्हणाला, झालं ते बरं झालं, खरं बाहेर आलं.

"तुमचं खरं बाहेर आलं," ती म्हणाली. "मी तुमची लाज झाकायला उठले, आणि तुम्ही आधी मलाच उघडी पाडलीत. स्वतःचं नंतर सांगितलंत."

तो म्हणाला, चुकलो.

"इथे नको. तिथे सगळ्यांसमोर बोललात ना? मग तिथेच म्हणा."

पुढच्या रविवारी वाचन ड्रायव्हरकडे गेलं. पुन्हा चिठ्ठ्या टाकायचं नावही कुणी काढलं नाही. त्याने सुरुवात करण्याआधी मिस्त्री उठला. मागच्या वेळी कबूल करणं याहून सोपं गेलं होतं. तेव्हा निदान खरं बोलणारा माणूस म्हणून उभं राहता आलं होतं, आता ती सोयही नव्हती. खाली बघत तो पुटपुटला, की बायकोला मी खोटारडी म्हणालो. ती बोलली ते माझ्या पापापायी, आणि दोष मी आधी तिच्यावर टाकला. तिची माफी मागतो.

बायको दाराजवळच्या बाकावर बसली होती, पदर घट्ट ओढून.

"मागे ऐकू आलं नाही," ती म्हणाली.

मिस्त्रीने मान वर केली आणि सगळं पहिल्यापासून पुन्हा सांगितलं.