सुनावणीतले पावणं आणि दाजी

मंडळी, आज कोल्हापुरात आमच्या बुडालेल्या पतसंस्थेची सुनावणी होती. माझे वडील तिथले जुने संचालक. नुकसान कुणाकडून वसूल करायचं, हे चौकशी अधिकारी ठरवणार.

वडील म्हणाले, "साहेब, ज्या कर्जांसाठी मला जबाबदार धरलंय, त्यांची कागदं तरी दाखवा की."

"कागदं कशाला, पावणं? म्हणणं मांडा पटकन."

तेवढ्यात माजी अध्यक्ष आत आले. ती कर्जं यांनीच वाटलेली. साहेबांच्या तोंडून निघून गेलं, "या दाजी!" मग खोकले आणि म्हणाले, "बसा, पावणं."

वडिलांची सुनावणी तिथंच संपली. अध्यक्षांना मात्र मागितल्याबरोबर पुढची तारीख मिळाली.

माझं डोकं फिरलंय. आपल्याकडं पावणं कुणालाही म्हणतात. पण दाजी कुणाला म्हणतात, सांगा की!