कोणत्या दगडावरून

मी काय काम करते हे यवतमाळात सांगणं मी केव्हाच सोडलं आहे. एका कॉलेजात तासिका तत्त्वावर फिजिक्स शिकवते, एवढं लोकांना पुरतं. पूर्वी हौसेने सांगायचे की ताऱ्याताऱ्यांच्या मधल्या जागेत जो वायू असतो त्यावर माझी पीएच.डी. चालू आहे. समोरची बाई दोन मिनिटं ऐकायची आणि मग तिच्या मुलाच्या साडेसातीवर यायची. रात्रभर गच्चीवर बसत असशील ना, हा दुसरा ठरलेला प्रश्न. मला रात्री दहाला झोप येते. मी वापरते ती दुर्बीण डोळा लावून बघायची नाहीच. ती रेडिओची, मोठाल्या थाळ्यांची, इथून पार दूर, भरदुपारीही चालते, आणि तिचे आकडे माझ्या लॅपटॉपवर येऊन पडतात. मी दिवसा, पंख्याखाली, चिडचिड करत काम करते.

घरात हे सगळं एकाच माणसाला कळायचं, बाबांना. बाबा भूमी अभिलेखात भूकरमापक होते. लोक त्यांना मोजणीवाले साहेब म्हणायचे. सगळी नोकरी शेतांच्या हद्दी मोजण्यात आणि धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, भांडणाऱ्या भावाभावांच्या मध्ये उभं राहण्यात गेली. त्यांचा एक नियम होता. शेतात पोचलं की आधी जुना खुणेचा दगड शोधायचा, तो सापडल्याशिवाय मोजणीची साखळी उघडायची नाही. कारण दगड चुकला की मग कितीही नीट मोजा, सगळं नीट चुकतं. हे मी लहानपणापासून इतक्यांदा ऐकलं होतं की शाळेत पट्टीने रेघ मारतानाही मला दगड आठवायचा.

मुकुटबनकडची गोष्ट तर आईलाही पाठ होती. दोघा भावांचा धुऱ्याचा वाद, पोलीस येऊन गेलेले, कुऱ्हाडी निघालेल्या. बाबांनी दोन दिवस शोधून विहिरीजवळचा दगड काढला, त्यावरून मोजलं, आणि दोघं भाऊ काही न बोलता सह्या करून गेले. पाहुणे आले की जेवताना ही गोष्ट व्हायचीच.

माझं काम मी बाबांना असं सांगितलं होतं. आपल्या आकाशगंगेसारख्या ताऱ्यांच्या अगणित वस्त्या आहेत, त्यांना दीर्घिका म्हणतात. दीर्घिका वायूतून तारे घडवते. पण वायू ज्या वेगाने खर्ची पडतो तो पाहिला तर बहुतेकींजवळचा केव्हाच संपायला हवा होता. संपलेला नाही, म्हणजे बाहेरून ताजा वायू येत असला पाहिजे. येतो हे सगळे मानतात, पण येताना धरलेला फार थोड्यांनी. बाबा म्हणाले होते की म्हणजे विहिरीले झरा हाय, पण झरा कोनाले दिसून नाही राह्यला. इतकं चांगलं मला वर्गातही कधी सांगता आलं नाही.

आणि तो झरा मला दिसला होता. एका लहानशा दीर्घिकेच्या कडेला हायड्रोजनचा एक ढग, आत एकही तारा नाही. हायड्रोजन एक अगदी क्षीण रेडिओ लहर सोडतो, वीतभर लांबीची. वायू आपल्याकडे येत असेल किंवा दूर जात असेल तर ती लांबी केसभर बदलते, त्यावरून त्याचा वेग काढतात. ढगाचा वेग मी स्वतः मोजला. दीर्घिकेतल्या ताऱ्यांचा वेग एका जुन्या तक्त्यातून घेतला. दोन्हींची वजाबाकी केली, तर ढग सेकंदाला सतरा-अठरा किलोमीटरने दीर्घिकेत पडत होता. शोधनिबंध छापून आला. प्रबंधाचं चौथं प्रकरण, म्हणजे सगळा जीव, याच ढगावर होता. महिन्याभरात तोंडी परीक्षा आणि त्यानंतर लगेच कॉलेजातल्या कायम जागेची मुलाखत. पदवी असेल तरच मुलाखत. नऊ वर्षं मी तासांवर जगत होते, आणि ती जागा आता माझीच असं प्राचार्यही बोलून गेले होते.

बाबांनी कॉलनीभर पेढे वाटले. ते त्याला 'आपला ढग' म्हणायचे. कॉलनीच्या मंडळाने मंदिराच्या सभामंडपात रविवारी माझा सत्कार ठरवला. शाल बाबांनी स्वतःच निवडून आणली, कारण मंडळवाल्यांची शाल टोचते.

त्याच आठवड्यात, मंगळवारी दुपारी, एका परीक्षकाने चौथ्या प्रकरणातली आकृती जास्त स्पष्ट मागितली म्हणून मी सगळे आकडे पुन्हा काढायला बसले. जुना तक्ता माझ्याकडे झेरॉक्सवर होता, सहा वर्षांपूर्वी आणलेला. अक्षरं पुसट झाली होती म्हणून एका ओळखीच्याकडून मूळ पानं मागवली. त्यात तक्त्याच्या मागच्या पानावर एक टीप होती. माझ्या झेरॉक्सवर ते पान नव्हतंच. मी तक्त्याचं तेवढं पान काढून आणलं होतं, दोन रुपयांची दुसरी प्रत कशाला म्हणून.

टिपेत लिहिलं होतं की हे वेग सूर्यावरून, म्हणजे सूर्य स्थिर धरून, मोजलेले नाहीत, सूर्याच्या आसपासच्या ताऱ्यांच्या सरासरीवरून मोजलेले आहेत. माझ्या ढगाचा वेग सूर्यावरून होता. सूर्य स्वतः शेजाऱ्यांमधून चालत असतो, त्यामुळे या दोन हिशेबांत त्या दिशेला सतरा-अठरा किलोमीटरचाच फरक पडतो. मी तो फरक वजा केला आणि ढगाचं पडणं थांबलं. तो दीर्घिकेच्या कडेला नुसता उभा होता. बहुतेक तिचाच एक विस्कटलेला काठ, बाहेरून आलेला कोणी नाहीच. ही चूक होऊ नये म्हणून मी दर वर्षी पोरांना एक आख्खा तास शिकवते.  मला राग आला, स्वतःचाच, इतका की समोरचा चहा मी बेसिनमध्ये ओतून दिला.

मार्गदर्शक सरांना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग शांतपणे म्हणाले की छापलेलं छापलं, एवढ्या खोलात कोणी जाणार नाही, आधी तोंडी परीक्षा उरकून घे, पुढच्या निबंधात हळूच सुधारित आकडे देऊ. सर वाईट माणूस नाहीत. चार महिन्यांनी निवृत्त होणार होते आणि मी त्यांची शेवटची विद्यार्थिनी होते. फोन ठेवला तेव्हा मला हलकं वाटलं, आणि हलकं वाटलं याची शिसारी आली.

दोन दिवस मी घरात सगळ्यांवर डाफरत होते. शेवटी आईने पकडलं. मी रडत रडत सांगून टाकलं. तिला वेगबिग काही कळलं नाही, पण बाकी सगळं कळलं. झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणाली, आणि पुढचं दार लोटून घेतलं, जणू शेजारी ऐकत होते. पण बाबा आतल्या दारातच उभे होते.

त्यांनी एकच विचारलं. "कोनत्या दगडावरून मोजलं होतं?"

मी म्हटलं की दोन वेगवेगळ्या. ढग एका दगडावरून आणि तारे दुसऱ्या.

ते खुर्ची ओढून समोर बसले, पाहुण्यांना गोष्ट सांगताना बसतात तसे. ती बसण्याची तऱ्हाच मला सहन झाली नाही. वाटलं आता मुकुटबन निघणार. म्हणून मीच बोलले, नको तेवढं बोलले. तुमचं बरं आहे बाबा, तुम्ही जन्मात कधी चुकला नाहीत, तुम्हाला काय कळणार. नऊ वर्षं मी तासांवर काढली, आता तुमच्या त्या दगडापायी सगळं घालवू का. आईने मला गप्प केलं. बाबा चपला घालून बाहेर गेले आणि जेवायच्या वेळेलाच परतले. ताटावर म्हणाले की शनिवारी माह्यासंग चाल, मुकुटबनले.

मला वाटलं प्रवचन आहे. तरी गेले, कारण नाही म्हणायची लाज वाटत होती. पहाटेच्या एसटीने वणी, तिथून दुसऱ्या गाडीने मुकुटबन.  गावातून चालत शेताकडे निघालो तेव्हा दोन्हीकडे कपाशी फुटलेली होती. विहीर लागली. तिच्याजवळचा दगड त्यांनी दाखवला, हाच तो म्हणाले, आणि न थांबता पुढे चालू लागले, नाल्याकडे. टणटणीच्या झुडपांत काठी घालून त्यांनी फांद्या बाजूला केल्या. खाली दुसरा एक दगड होता, अर्धा मातीत.

"हा खरा," बाबा म्हणाले. "तो विहिरीजवळचा कोनंतरी दुसरीकडून आनून तठी गाडला होता. सहा महिन्यानं बाजूचं वावर मोजाले आलो, तवा मले हा सापडला."

नाल्यालगतची काळ्या मातीची पट्टी धाकट्या भावाची होती, त्या मोजणीत ती मोठ्याकडे गेली होती. फाइल बंद झालेली, वरच्या साहेबांची शाबासकी मिळालेली. बाबांनी टणटणीच्या फांद्या परत होत्या तशा ओढून घेतल्या होत्या आणि घरी येऊन आम्हाला ती गोष्ट सांगितली होती. त्यानंतर वीसेक वर्षं सांगत राहिले. मला वाटतं, सांगून सांगून ती खरी होईल असं त्यांना वाटत असावं.

 मला त्यांचा राग आला होता आणि त्यांच्याजवळ उभं राहावंसंही वाटत होतं.

धाकटा भाऊ वारला होता. त्याची बायको तुरीच्या शेंगा तोडत होती. तिने बाबांना लांबूनच ओळखलं, पदर सावरत आली, साहेब आले, साहेब आले करत आम्हाला घरी नेलं. चहा केला. मी साहेबांची मुलगी आणि मोठी शिकलेली कळल्यावर माझ्या गालावरून हात फिरवला. बाबांनी कप हातात धरला होता, पीत नव्हते. मला कळलं की ते आज सांगायला आले आहेत. 

तीच आधी बोलली. "पट्टी गेली तवा घरचे लय बिथरले होते बाई. पन साहेबानं मोजलं म्हनून आमी मुकाट्यानं मानलं. दुसरा कोनी असता तं मानलं नसतं."

बाबांनी कप खाली ठेवला. घसा साफ केला. मग विचारलं की औंदा तूर कशी हाय. ती म्हणाली बरी हाय. निघताना तिने माझ्या पिशवीत ओल्या तुरीच्या शेंगा भरून दिल्या, नको नको म्हणत असताना.

वणीच्या स्टँडवर यवतमाळची गाडी लागायची होती. आम्ही बाकावर बसलो.  बाबा म्हणाले, "तोंडच नाही उघडलं वं. आता त्या दोन घरात भांडन लावू का, असं मनात आलं. पन ते खरं नाही. मले माह्यं नाव सुटून नाही राह्यलं." आणि थोड्या वेळाने, खाली बघत, "तुह्यं अजून ताजं हाय बाई. तू सांगून टाक."

मी फोन काढला. नियतकालिकाच्या संपादकांना लिहिलं, विद्यापीठाला लिहिलं, सरांना लिहिलं. तक्ता कोणता, टीप कुठे होती, चूक काय, किती. पाठवायच्या आधी बाबांना वाचून दाखवलं. इंग्रजीतलं मराठीत करून सांगितलं. त्यांनी मान हलवली. मी बोट दाबलं आणि कंडक्टरने यवतमाळ यवतमाळ ओरडायला सुरुवात केली.

रविवारचा सत्कार बाबांनीच रद्द केला. घरोघरी स्वतः गेले आणि सांगितलं की मुलीची मोजण्यात चूक झाली, तिनं कबूल केली, कार्यक्रम नाही. माझी चूक त्यांनी पंधरा घरांत उभं राहून सांगितली, आवाज न हलता. मी खिडकीतून बघत होते आणि मला रडू येत होतं.

सर दोन आठवडे फोनवर आले नाहीत. मग आले. म्हणाले, तू बरोबर केलंस, मला आवडलं नाही, पण बरोबर केलंस. निबंध मागे घेतला. तोंडी परीक्षा पुढे गेली. कायम जागेच्या मुलाखती ठरल्या दिवशी झाल्या आणि दुसरी एक बाई लागली. चांगली आहे, तिला शिकवता येतं. मी अजून तासांवर आहे आणि चौथं प्रकरण नव्याने लिहिते आहे. त्यात आता ढग पडत नाही, नुसता उभा असतो. तो तसा का उभा आहे, हे मला अजून कळलेलं नाही.

घरात मुकुटबनची गोष्ट आता होत नाही. पाहुणे विचारतात तर बाबा पाण्याचा तांब्या आणायला उठतात. मात्र महिन्यातून एकदा ते पहाटे आंघोळ करून, धुतलेला शर्ट घालून, मुकुटबनला जाऊन येतो म्हणून निघतात. दोनदा आपल्याच बसस्टँडवरून परत आले, हातात भाजीची पिशवी. गेल्या सोमवारी संध्याकाळी आले. वणीपर्यंत गेलतो, म्हणाले. आईने ताट वाढलं.

मी रागावले नाही. मला सांगून टाकायला फोनवरून पाठवलेलं टपाल पुरलं, समोर कोणाचं तोंड नव्हतं, आणि तेव्हाही बाबा बाकावर माझ्या बाजूला बसले होते. पुढच्या सोमवारी मी रजा घेतली आहे. मी सोबत जाणार आहे, आणि धाकट्या भावाच्या बायकोच्या दारात त्यांच्या बाजूला बसणार आहे.