पेजेची वाफ

"बाई, आधी पुसून बघा."

काहीही बिघडलं की आमच्या प्रयोगशाळेचे काका एवढंच म्हणत. सूक्ष्मदर्शकात अमिबा दिसेना, पुसून बघा. ट्यूबलाइट मिणमिणतेय, पुसून बघा. एकदा मुख्याध्यापक नववीच्या निकालावरून भडकले होते. काकांनी त्यांच्या नाकावरचा चष्मा अलगद उतरवला, शर्टाच्या टोकाने पुसला आणि परत चढवला. निकाल तोच राहिला, पण मुख्याध्यापक गप्प झाले.

असा एखादा माणूस तुमच्याही शाळेत असेल. पगार परिचराचा आणि रुबाब संशोधकाचा.

मी घाटावरची. रत्नागिरीत विज्ञान शिकवायला आले आणि पहिल्याच पावसाळ्यात माझी चामड्याची पर्स हिरवी झाली. मी दुकानदाराच्या नावाने बोटं मोडत होते. काका म्हणाले, "त्याचा काय दोष? बुरशी आहे ती. इथं माणूस एका जागी बसून राहिला तर त्याच्यावर पण धरते." आणि पर्स पुसून दिली. तसं ते शाळेतलं सगळंच पुसत. भिंगं, बरण्या, सांगाड्याची कवटीसुद्धा. गणपतीनंतर तर त्यांचा पुसण्याचा सप्ताहच असे.

गच्चीवरच्या खोलीत एका माजी विद्यार्थ्याने दिलेली दुर्बीण होती. खाऱ्या वाऱ्याने तिचा स्टँड गंजून दक्षिणेकडे तोंड करून अडकला होता. दुरुस्तीचा विषय काढला की काका म्हणत, "असू दे. बरोबर जागी अडकलीय."

माघ महिन्यात अंधार पडला की त्या दुर्बिणीत अगस्ती येई. समुद्र पिऊन टाकणाऱ्या ऋषीचा तो तारा. त्याच्या शेजारी एक पांढुरका धूसर ठिपका दिसायचा. काका मुलांची रांग लावत आणि सांगत, "ती पेजेची वाफ. एका बाईचा मुलगा बोटीवर गेला. तिनं चुलीवर पेज ठेवलीन. देव म्हणाले, आता झोप. ती म्हणाली, पेज निवेल. मग देवांनी तिला चुलीसकट वर नेलंन. अजून वाट बघतेय."

मी त्यात विज्ञानाची भर घातली. तेजोमेघ म्हणजे आकाशातला वायूचा आणि धुळीचा ढग, हे मी त्याच ठिपक्यावरून शिकवलं. चाचणीत दोन मार्कांना विचारलं. सगळ्या वर्गाने बरोबर लिहिलं.

ही गोष्ट कुठल्या पुराणातली, असं एकदा मी काकांना विचारलं. ते परीक्षानळ्या धूत होते.

"पुराण कसलं? माझी आयस ती. दादा हर्णै बंदरातून बोटीवर गेला तो आलाच नाही. तिनं त्याचं दिवसकार्य करू दिलंन नाही. पेज ठेवलीय, म्हणायची, निवायच्या आत येईल. आता ती पण गेली."

"मग आता तुम्ही करा की कार्य."

"कसं करू? चूल पेटलेली दिसतेय ना वर."

हे त्यांनी इतक्या सरळ चेहऱ्याने सांगितलं, की मीही परीक्षानळ्या विसळायला लागले.

मग एका वर्षी कोल्हापूरचे एक आकाशनिरीक्षक शाळेत यायचे ठरले. काका हरखले. पाहुण्यांनी वाफ बघावी आणि आपल्या तेजोमेघांच्या यादीत लिहावी, एवढीच त्यांची इच्छा होती. दादाचं नाव कुठेच लिहिलेलं नव्हतं, गेलेल्यांतही नाही आणि आलेल्यांतही नाही. निदान आईची चूल तरी लिहिली जाईल. त्यांनी नवा शर्ट शिवायला टाकला.

मला अवदसा आठवली. पाहुण्यांना सगळं आकाश दिसावं म्हणून मी आदल्या दिवशी मेकॅनिक बोलावून स्टँड मोकळा करून घेतला. संध्याकाळी सहज दुर्बीण दीपगृहाकडे वळवली. दीपगृहाशेजारी पेजेची वाफ होती. नारळाकडे वळवली. नारळावरही वाफ होती.

डोळ्याजवळचं भिंग उघडलं. आतल्या काचेवर बुरशीचा एक ठिपका होता, माझ्या पर्सवर होता तसाच.

पाहुणा मुलांसमोर हसला असता, आणि काकांना सांगायची माझी छाती नव्हती. मी ती काच पुसली.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, पाहुण्यांनी डोळा लावला आणि म्हणाले, "अगस्ती छान दिसतोय. बाजूला काही नाही." मुलं काकांकडे बघायला लागली. नवा शर्ट घातलेले काका पुढे झाले, वाकले. फार वेळ वाकून होते. मला वाटलं, मी या माणसाचं घर पाडलं.

मग ते सरळ झाले आणि मुलांना म्हणाले, "बोट आली वाटतं. चूल विझवलीन तिनं."

सोमवारी त्यांनी दोन दिवसांच्या रजेचा अर्ज दिला. कारण: मोठ्या भावाचे कार्य. ऑफिसातल्या लेखनिकाने विचारलं, "भाऊ कधी गेले?"

"चाळीस वर्षं झाली. मला शुक्रवारी कळलं."

निवृत्तीच्या दिवशी त्यांनी किल्ल्या माझ्या हातात दिल्या. म्हणाले, "बाई, दुर्बिणीची खोली दमट आहे. नारळी पुनव झाली, बोटी बाहेर पडल्या, की ती आतली काच पुसत जा."

शाळेतली एकही काच न सोडणाऱ्या या माणसाने ती एकच काच इतकी वर्षं का सोडली होती, ते तेव्हा माझ्या डोक्यात शिरलं. त्यांना स्वतःला ती पुसवत नव्हती. मला तिथेच रडू आलं. काकांनी माझा चष्मा काढला, पुसला आणि परत दिला.

गेल्या वर्षी काका वारले. बुरशी मात्र दर पावसाळ्यात न चुकता त्याच काचेवर धरते. नारळी पौर्णिमा झाली की मी फडकं घेऊन गच्चीवर जाते आणि काच पुसते. पण पुसायच्या आधी एकदा डोळा लावून बघते.