धाकटीचा शेवटचा सामना

मी जर्मनीत न्युरेम्बर्गला पीएचडी करत होते, तेव्हा धाकटी बहीण अमेरिकेत कॉलेजकडून बास्केटबॉल खेळायची. शेवटच्या वर्षी त्यांची टीम पहिल्यांदाच मुलींच्या राष्ट्रीय स्पर्धेत पोचली. रविवारी संध्याकाळी, सामना चालू असताना, मी इन्स्टिट्यूटच्या कॉम्प्युटरवर स्कोअरचं पान पुन्हापुन्हा उघडत होते. तिचे गुण वाढत होते. मग ते थांबले आणि टीम हरली.

फोन तिचाच आला. "ताई, गुडघा गेला. मला उचलून नेलं."

"बरा होईल गं. पुढच्या वर्षी..."

"पुढचं वर्ष नाहीये, ताई. माझी चार वर्षं संपली."

ती नुसती रडत राहिली.

दोन ऑपरेशनं झाली, पण ती पुन्हा कधी खेळली नाही. त्या वर्षी फायनल कोण जिंकलं, हे आम्ही एकमेकींना कधीच विचारलं नाही.