झाकणाआडची चिंच

१० मे १९९८, रविवार. काम होतं काळे फोटो काढायचं.

आधीच सांगते, असल्या गोष्टींवर माझा विश्वास कधीच नव्हता. छप्पन साली दीक्षा घेऊन आजोबांनी देव्हारा घराबाहेर काढला, तेव्हा भुतंही त्याच टोपलीतून गेली, असं आई म्हणायची. शिवाय माझी नोकरीच तपासणीची... बारामतीच्या एमआयडीसीतली आमची इलेक्ट्रॉनिक्स कंपनी तेव्हा खिशात मावेल असा डिजिटल कॅमेरा तयार करायच्या मागे होती. रोल नाही, धुलाई नाही. फोटो मागच्या छोट्या स्क्रीनवर लगेच. पण कॅमेरा तापला की फोटोवर पांढरे ठिपके उगवायचे. ते पकडायला भिंगावर झाकण लावून फोटो काढायचे. फोटो पूर्ण काळा यायला हवा. जे पांढरं दिसेल तो दोष.

कॅमेरे तापवून बघायचं कंपनीतलं मशीन बंद पडलं होतं. मी म्हटलं, अंथुर्ण्याला आमच्या गावच्या घराशेजारी माझ्या भावाचं पत्र्याचं शेड आहे, मे महिन्यात ते भट्टीच असतं. तसंही सोमवारी आईला मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी बारामतीला आणायचं ठरलं होतं.

ठरलं होतं म्हणजे, मी ठरवलं होतं. मोतीबिंदू पार पिकलाय, आणखी थांबलात तर डोळा हातचा जाईल, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलेलं. आई ढिम्म. मावशीचा एक डोळा अशाच ऑपरेशनात गेला होता.

“मला दिसतंय की,” ती म्हणाली. “उजेड दिसतोय, अंधार दिसतोय. अजून काय बघायचंय?”

“सुनेचं तोंड.”

“ती आवाजावरनंच कळती.”

मी वाद सोडला. झाकणाभोवती काळी टेप घट्ट गुंडाळली आणि कॅमेरा तिच्या हातात दिला. ती शेडात भिंतीकडे तोंड करून पोत्यावर बसली होती.

“टेपला हात लावू नको. मी येईपर्यंत अधूनमधून हे बटण दाबत राहा.”

“फोटू कशाचा निघतोय?”

“कशाचाच नाही.”

“आन् ह्याचा पगार देत्यात तुला.”

भाकरी थापून मी परत आले. टेप जशीच्या तशी. स्क्रीनवर एकेक फोटो बघायला लागले... काळा. काळा, ठिपक्यांचा. पुन्हा काळा. आणि मग चिंच.

घरामागची चिंच. दोरीवर हिरवं पातळ, खाली तांबडी शेळी.

जुना फोटो राहिला असेल, हा पहिला विचार. पण मेमरी मीच सकाळी रिकामी केली होती, आणि ते हिरवं पातळ मी आदल्या दिवशी आईला आणलेलं – पहिल्यांदा धुऊन वाळत टाकलं ते त्याच दुपारी. चिंच आईच्या पाठीमागं, मध्ये पत्र्याची सलग भिंत. आणखी एक गोष्ट. आमच्या कॅमेऱ्यात लांबचं झाड म्हणजे हिरवा लगदा यायचा, ती आमची रोजची रड होती. इथं पानं सुटी दिसत होती.

“गप का झालीस, शालन?” आईनं विचारलं. “बिघडलं का माझ्या हातनं?”

तिला स्क्रीन दिसणं शक्यच नव्हतं. मी जे होतं ते वाचल्यासारखं सांगितलं. झाड, दोरी, पातळ, शेळी.

“पातळाचा काठ कंचा?”

“पिवळा.”

“मला कुणी सांगितलंच न्हाय काठ पिवळा हाय म्हणून.” मग म्हणाली, “आन् चिंचंला पानं हायती?”

“आहेत. एकेक मोजता येईल.”

ती कॅमेऱ्यावरून नुसता अंगठा फिरवत राहिली.

“मला लई दिस झाडाची नुसती सावली दिसती गं,” ती म्हणाली. “पानं असत्यात हे ध्यानातच न्हवतं.” आणि जरा वेळानं, “उद्या कितीची गाडी हाय?”

नंतर कंपनीत आम्ही तोच कॅमेरा तेच झाकण, तीच टेप लावून उन्हात धरला, दिव्यासमोर धरला. सगळे फोटो काळे. साहेब म्हणाले, कुठूनतरी उजेड शिरला असेल. उजेड शिरला तर फोटो पांढुरका होतो, त्यात शेळी येत नाही, हे त्यांनाही माहीत होतं. उगाच एखादं उत्तर मी चिकटवणार नाही.

त्या सोमवारी सकाळी मी लवकर उठले. ऑपरेशननंतर बरेच दिवस डोक्यावरून पाणी घेता येत नाही, म्हणून चुलीवर हंडाभर पाणी तापवलं, आईला न्हाणीत पाटावर बसवलं आणि शिकेकाई लावून तिचे केस धुतले.

“डोळ्यात जाऊ दिऊ नको,” ती म्हणाली. “आज त्याचंच काम हाय.”