डेकरचं छप्पर

माझ्या शेजाऱ्यांनी आपल्या मुलाचं नाव ठेवलं, त्यात माझ्या वडिलांचा काडीचाही संबंध नव्हता. एवढी साधी गोष्ट आमच्या घरात सिद्ध व्हायला तीन आठवडे आणि एक छप्पर लागलं.

बाबा लांज्याहून तीन महिन्यांसाठी आमच्याकडे ख्राइस्टचर्चला आले होते. चाळीस वर्षं त्यांनी लोकांची घरं शाकारली. पावसाळा तोंडावर आला की कौलं उतरवायची, फुटकी बदलायची, पुन्हा ओळीने रचायची. त्याच कौलांवर मी शिकलो आणि आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो. लहानपणी मी शिडीला नुसता हात लावला तरी बाबा वरून ओरडायचे, "सोड ती! पुस्तक घे!" मी ते इतकं मनावर घेतलं की आजतागायत स्टुलावरसुद्धा चढलेलो नाही. (आमच्या घरातले बल्ब प्राजक्ता, म्हणजे माझी बायको, बदलते.) आणि गंमत बघा, सिव्हिल इंजिनियर होऊन मी काम काय करतो? विमा कंपन्यांसाठी भूकंपात हललेल्या घरांच्या छपरांचे अहवाल लिहितो! म्हणजे छपरावर दुसरं कुणीतरी चढतं, फोटो काढतं, आणि मी हीटरशेजारी बसून 'छप्पर सुस्थितीत नाही' असं टाइप करतो.

आदल्या वर्षी बाबा एका छपरावरून पडले होते. घोटा मोडला. त्यामुळे आईने त्यांना विमानात बसू दिलं ते एकाच अटीवर: तीन महिने छपरावर पाय ठेवायचा नाही. अटीची अंमलबजावणी माझ्याकडे होती. रोज दुपारी दोनला, म्हणजे तिकडे सकाळी साडेसातला, आईचा व्हिडिओ कॉल यायचा. "कसे आहात" वगैरे काही नाही. "ह्यांचे पाय दाखव!" मी कॅमेरा खाली धरायचो. पाय जमिनीवर दिसले की आई बाकीचं बोलायला मोकळी.

शहराच्या हॉर्नबी भागात आमच्या शेजारी ग्रेग आणि टेसा राहतात. टेसाचे दिवस भरत आले होते. बाबा आल्याच्या दुसऱ्याच दिवशी ग्रेगने कुंपणावरून विचारलं, तुम्ही काय काम करता? बाबांनी दोन्ही तळवे डोक्यावर उतरते धरले, हवेत कौलं रचून दाखवली, वर हातोडीही मारली.

"ओ, रूफर! स्वीट ॲज!" ग्रेग म्हणाला.

"काय म्हणतोय?" बाबांनी मला विचारलं.

"छान म्हणतोय."

"एवढ्यात छान? अजून काम कुठं बघितलंय त्यानं?"

पुढच्या आठवड्यात टेसाला मुलगा झाला. त्याचं नाव ठेवलं डेकर. आता शुभेच्छांच्या कार्डावर नुसतं 'अभिनंदन' लिहायचं मला जिवावर आलं. शिकलेल्या माणसाने चार शब्द अर्थपूर्ण लिहावेत, म्हणून मी नावाचा अर्थ शोधायला बसलो. (इथेच सगळं चुकलं. कार्डावर फुलं असतात, ती पुरेशी असतात.) अर्धा तास वाचून मी आनंदाने ओरडलो, "बाबा! डेकर हे मूळचं जर्मन आडनाव आहे. धंद्यावरून पडलेलं. त्यांच्या भाषेत 'डेकेन' म्हणजे झाकणं. डेकर म्हणजे छप्पर झाकणारा. गवताने, कौलांनी, जे असेल त्याने. आता मुलांचं नाव म्हणूनही ठेवतात. म्हणजे तुमचाच धंदा की हो!"

मला वाटलं, बाबांना बरं वाटेल. बाबांनी चहाचा कप खाली ठेवला.

"मी काय काम करतो हे त्याला कधी कळलं?"

"आठवडा झाला असेल."

"आणि नाव कधी ठेवलं?"

"परवा."

"अस्सं," बाबा म्हणाले. लांज्यात वाळूचा ट्रक कमी भरलेला दिसला की ते असंच 'अस्सं' म्हणायचे.

"बाबा, योगायोग असेल," प्राजक्ता म्हणाली.

"अगं, आपल्याकडे सुतार, लोहार, कुंभार ही आडनावं असतात. पोराचं नाव कुणी ठेवतं का असं? उद्या जेवायला हाक काय मारणार? 'ए छप्परवाल्या, ये रे, भात निवतोय'? आणि त्यांच्या छपराकडं बघितलंस का? आढ्याजवळचं एक कौल सरकलंय. मी पहिल्या दिवशीच बघून ठेवलंय. पोराला माझ्या धंद्याचं नाव दिलं म्हणजे म्हातारा पाघळेल, आणि फुकटात शाकारून देईल! सरळ हिशेब आहे."

मी हसलो. दुसऱ्या दिवशी ग्रेग पिशवीभर फिजोआ घेऊन आला. पेरूच्या लांबच्या नातेवाइकासारखं हे फळ एप्रिलमध्ये इथे इतकं पिकतं, की लोक ते शेजाऱ्यांच्या दारात ठेवून पळून जातात.

"बघ!" बाबा म्हणाले. "आला की नाही नजराणा?"

"बाबा, झाडाला फार लागले की इथे सगळेच वाटतात."

"फळं पिकली म्हणून कुणी वाटत नाही. काम निघालं म्हणून वाटतात."

(फिजोआ मात्र त्यांनी एका बैठकीत सहा खाल्ले. चमच्याने.)

आणि तिसऱ्या दिवशी ग्रेगच्या घराला बाहेरून शिडी लागली! लागली ती तशीच राहिली. बाबांनी मला खिडकीशी बोलावलं. "आता हे काय म्हणायचं? आमंत्रणपत्रिकाच आहे ही!"

खरं सांगायचं तर आता मलाही शंका यायला लागली. पण मी शिकलेला माणूस, त्यामुळे मी संशय नीट, पुराव्यानिशी घेतला. नाव, फळ, शिडी: तीन स्वतंत्र पुरावे एकाच दिशेने जातात, तेव्हा ऑफिसात आम्ही अहवालात 'निष्कर्ष' असा मथळा टाकतो. मग आम्ही दोघे रोज संध्याकाळी अंगणात खुर्च्या टाकून त्या छपराचं निरीक्षण करू लागलो. व्हेल बघायला घेतलेली दुर्बीण बाबांच्या डोळ्याला, आणि माझ्या हातात वही.

चौथ्या संध्याकाळी ग्रेगने आमच्याकडे बघून हात करायचं बंद केलं. सहाव्या संध्याकाळी टेसाने पडदे ओढून घेतले.

"तोंड लपवताहेत," बाबा म्हणाले. "मनात पाप असलं की पडदा लागतोच."

"दोन पुरुष रोज दुर्बिणीतून घराकडे बघतात, घरात बाळंतीण आहे," प्राजक्ता म्हणाली. "मी तर पोलिसांना फोन केला असता. तुम्हा दोघांना कळतंय का, या गल्लीत आपल्याशी बोलणारे हे दोघंच आहेत. तेही घालवा आता!"

ते मला लागलं. आम्ही या घरात आलो त्या पहिल्या रात्री आमची चावी दारात तुटली होती, तेव्हा ग्रेगनेच खिडकीतून आत शिरून दार उघडून दिलं होतं. मी वही बंद केली. पण बाबांना त्या कौलाने पछाडलं होतं. जेवताना मध्येच थांबून ते म्हणाले, "सापळा असला तरी कौल बाळाच्या खोलीवर आहे रे. पाऊस आला तर पाणी पाळण्यात गळेल."

"मी ग्रेगला सांगतो."

"आणि त्याला जिंकल्यासारखं वाटू देतोस? अजिबात नाही!"

शनिवारी मी रिकार्टनला पोहे आणायला गेलो होतो. परत आलो तर ग्रेगची गाडी नव्हती, आणि बाबा त्याच्या शिडीच्या चौथ्या पायरीवर होते. पायात माझ्या जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला!

"बाबा!"

"ओरडू नकोस. आत्ता गेले सगळे बाहेर. दोन मिनिटांचं काम आहे. उपकार नाही आणि आभारही नकोत, गुपचूप करून उतरतो."

"आईला शब्द दिलाय!"

"छपरावर जाणार नाही असा दिलाय. शिडी म्हणजे छप्पर नव्हे."

"आणि कौल शिडीवर आहे का?"

बाबांनी विचार केला. हळूहळू खाली उतरले. मला वाटलं, संपलं. त्यांनी शिडी माझ्याकडे वळवली. "मग तू चढ."

"मी? मी इंजिनियर आहे!"

"म्हणूनच म्हणतोय. चार वर्षं काय शिकवलं तुला तिथं?"

ज्या माणसाने आयुष्यभर मला शिडीपासून लांब ठेवलं, तो आज शिडी धरून उभा होता. मी नाही म्हणालो असतो तर तो स्वतः चढला असता. छप्पर तसं ठेंगणं होतं. चढण्यासारखं. (खालून बघताना.) मी डोळे मिटून चढलो, पन्हळीवरून पोटावर सरकत सरकत आढ्यापर्यंत पोचलो. खालून हुकूम येत होते. "डावीकडं! तुझं डावं, माझं नव्हे! आता वरचं कौल जरा उचल, खालचं आत ढकल! पोराला थोपटतात तसं थोपट!"

कौल खटकन जागेवर बसलं. आयुष्यात पहिल्यांदा मी छप्पर टाइप न करता दुरुस्त केलं होतं!

तेवढ्यात जमीन हलली. फार नाही. इथल्या लोकांनी हातातला कपसुद्धा खाली ठेवला नसता. पण मी आढ्याला दोन्ही हातांनी आणि दोन्ही पायांनी मिठी मारली, आणि ती सुटेना.

"उतर आता," बाबा म्हणाले.

"नाही."

"म्हणजे?"

"मी इथेच राहतो."

"थांब, मी येतो वर!"

"बाबा, शिडीला हात लावलात तर बघा! प्राजक्ता! बाबांना धर!"

प्राजक्ता धावत आली, तिने वर बघितलं, खाली बघितलं आणि बाबांचा दंड धरला. आणि नेमका माझ्या खिशातला फोन वाजला. दोन वाजले होते. उचलला नाही तर आईला संशय येणार, हे नक्की होतं. मी एक हात कसाबसा सोडवला.

"ह्यांचे पाय दाखव!"

मी कॅमेरा खाली वळवला. आईने चष्मा चढवला. "पाय जमिनीवर दिसताहेत. पण इतके बारीक का दिसतात? आणि मला ह्यांचं टक्कल का दिसतंय?"

"नेटवर्क, आई!"

"नेटवर्कने टक्कल दिसतं?"

मी फोन ठेवला आणि त्याच क्षणी ग्रेगची गाडी दारात शिरली. गाडीतून ग्रेग उतरला, बाळाला घेऊन टेसा उतरली आणि एक उंच म्हातारे गृहस्थ उतरले. तिघांनी आपल्या छपराकडे बघितलं. छपरावर मी होतो.

"किआ ओरा," मी इथल्या पद्धतीने नमस्कार केला. दुसरं काय करणार?

ग्रेगचा चेहरा लालबुंद झाला. "मला माहीत होतं! टेसा, मी म्हणालो नव्हतो? हा विमा कंपनीसाठी चोरून तपासणी करतोय! आमच्या दुरुस्तीचा अर्ज अजून अडकलेला, आणि तू रोज वही घेऊन बसतोस! म्हाताऱ्या बापाला दुर्बीण देऊन कामाला लावलंस! मित्र समजत होतो मी तुला!"

त्या शेवटच्या वाक्याने माझी मिठी सैल झाली. मी आढ्यावरून सगळं सांगून टाकलं. नाव, जर्मन अर्थ, फिजोआ, शिडी, कौल, पाळणा.  बाबा प्राजक्ताला विचारत होते, "काय सांगतोय? सांगायला नको ते सांगत नाही ना?"

"तेच सांगतोय, बाबा."

टेसाला आधी हसू आलं. "अरे, डेकर माझं लग्नाआधीचं आडनाव आहे! आमच्यात पहिल्या मुलाला आईकडचं आडनाव नाव म्हणून देतात कधी कधी. हे माझे वडील, मिस्टर डेकर. आणि आम्हाला अर्थबिर्थ काही माहीत नव्हता."

प्राजक्ताने भाषांतर केलं. बाबांनी त्या उंच गृहस्थांकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. "विचार त्यांना, किती वर्षं शाकारतात?"

ते निवृत्त दाताचे डॉक्टर निघाले. उंचीची त्यांना इतकी भीती, की ते पुलावरून गाडीसुद्धा चालवत नाहीत. शिडी ग्रेगने पन्हळीतली पानं काढायला लावली होती आणि बाळाच्या गडबडीत विसरला होता. फिजोआ झाडाला फार लागले होते. बाबांनी हे सगळं ऐकून घेतलं, आणि बाळाच्या खोलीच्या दिशेने बोट करून ग्रेगला दोनच शब्द सांगितले, "नाऊ ओके."

ग्रेगने वर कौलाकडे बघितलं. मग शिडी चढून आला आणि झाडावर अडकलेलं मांजर उतरवतात तसं त्याने मला काखेत धरून उतरवलं. खाली बाबांनी शिडी धरली होती. माझे पाय जमिनीला लागले, तेव्हा त्यांनी माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि पुटपुटले, "कौल बाकी सरळ बसवलंस."

मग त्यांच्या स्वयंपाकघरात सगळ्यांचा चहा झाला. बाबांच्या मांडीवर डेकर झोपला होता. टेसा माझ्याकडे वळली. "आमच्या मुलाच्या नावाचा अर्थ तू शोधून काढलास. तुझ्या नावाचा अर्थ काय रे?"

"विशेष काही नाही," मी घाईघाईने म्हणालो.

पण 'नेम' आणि 'मीनिंग' हे दोन शब्द बाबांना तीन आठवड्यांत पाठ झाले होते. त्यांनी अभिमानाने मान ताठ केली. "धैर्यशील! ही ब्रेव्ह! व्हेरी व्हेरी ब्रेव्ह! नो फियर मॅन!"

सगळ्यांनी माझ्या हातातल्या कपाकडे बघितलं. तो अजून बशीवर वाजत होता.

तेव्हापासून इथे मी सगळ्यांना माझं नाव नुसतं 'डी' असं सांगतो. कुणी फारच खोदून विचारलं तर म्हणतो, जर्मन आहे, अर्थ माहीत नाही.